आकाशाचा पहारा

फौज म्हटली कीं सामान्य माणसाच्या डोळ्यांपुढें पायदळाच्या रांगा, धुरळा उडवीत जाणारे रणगाडे आणि फार तर दूरवर मारा करणाऱ्या तोफा उभ्या राहतात. परंतु फौजेंत एक विभाग असाहि असतो कीं, ज्याची दृष्टि समोर नसून वर असते. त्याच्या तोफांचीं तोंडें आभाळाकडे वळलेलीं असतात. मुलूख जिंकणें हें त्याचें काम नव्हे. पूल, कारखाना, छावणी किंवा रेल्वेचें जंक्शन काल जसें होतें तसें आजहि जागेवर राहिलें, एवढेंच त्याचें यश. अशा यशाची बातमी होत नाहीं, आणि म्हणूनच सुशिक्षित लोकांनाहि ह्या विभागाची माहिती बेताचीच असते. भारतीय भूसेनेंत ह्या विभागास 'आर्मी एअर डिफेन्स कोअर' असें नांव आहे. त्याची रचना कशी आहे, त्याच्या हातीं कोणतीं आयुधें आहेत, आणि सीमेपासून दूर असलेल्या खानदेशास त्याच्याशीं काय कर्तव्य, ह्या तीन प्रश्नांचा विचार येथें योजिला आहे.

त्यांतील शेवटचा प्रश्न आधीं घेणें बरें. जळगांवचा सराफ किंवा धुळ्याचा वकील सहज म्हणेल कीं, 'सरहद्द कोठें आणि आपण कोठें!' परंतु ता. ७ मे २०२५ रोजीं केंद्र सरकारच्या आदेशानें देशभर नागरी संरक्षणाची रंगीत तालीम झाली, तेव्हां महाराष्ट्रांतील सोळा ठिकाणांच्या यादींत मुंबई, उरण, तारापूर, नाशिक व मनमाड ह्यांच्याबरोबर भुसावळचेंहि नांव होतें. जळगांव त्या यादींत नव्हतें, धुळेंहि नव्हतें. ह्याचें कारण शोधावयास दूर जावें लागत नाहीं. मुंबईहून आलेला लोहमार्ग भुसावळास दुभंगतो. एक फांटा नागपुराकडे जातो, दुसरा खांडव्यावरून इटारसीकडे. १९४९ सालीं तेथें लष्करी साहित्याचा कारखाना उभा राहिला. १९६४ सालीं जवळच वरणगांवास दुसरा कारखाना निघाला, आणि तेथें रायफलींचीं काडतुसें बनतात. दीपनगरचें वीजकेंद्रहि त्याच टापूंत आहे. रेल्वे, दारूगोळा आणि वीज ह्या तीनहि गोष्टी पांचसहा कोसांच्या आंत एकत्र आल्या, कीं ती जागा शत्रूच्या नकाशावर खुणेची जागा होते. ज्या गोष्टींमुळें गांवास महत्त्व येतें, त्याच गोष्टींमुळें त्यास धोकाहि येतो.

आतां अंतराचा विचार करूं. भुसावळपासून पाकिस्तानची सरहद्द सरळ रेषेनें सुमारें ६०० किलोमीटर आहे. समुद्र त्याहून जवळ. सुरतेच्या बाजूनें पाहिलें तर धुळें सुमारें २००, जळगांव २८० आणि भुसावळ ३०० किलोमीटर पडतें. रेल्वेच्या प्रवाशास हें अंतर मोठें वाटेल. परंतु ताशीं ९०० किलोमीटर वेगानें येणारें विमान मिनिटास १५ किलोमीटर तोडतें. किनारा ओलांडल्यापासून धुळ्यास पोंचावयास त्यास तेरा-चौदा मिनिटें पुरतात आणि भुसावळास वीस. घरांत चहाचें आधण ठेवून पेले भरले जाईपर्यंत जेवढा वेळ जातो, तेवढाच हा वेळ. दूर असणें म्हणजे सुरक्षित असणें नव्हे, हा धडा १९७१ सालींच मिळाला होता. त्या वर्षीं ता. ३ डिसेंबरच्या संध्याकाळीं पाकिस्तानी विमानांनीं अमृतसर, पठाणकोट, श्रीनगर येथील विमानतळांवर हल्ले केले, आणि सरहद्दीपासून पुष्कळ आंत असलेल्या आग्र्यावरहि त्यांनीं बाँब टाकले. दूरच्या गांवास अंतरामुळें थोडा अधिक वेळ मिळतो, इतकेंच. तो वेळ उपयोगांत आणणारी यंत्रणा नसेल तर तोहि फुकट जातो.

हवाई संरक्षणाचें सारें शास्त्र ह्या वेळेच्या हिशोबांत सांठलेलें आहे. शत्रूचें विमान दिसणें, तें शत्रूचेंच आहे हें ओळखणें, मारा करावयाचा कीं नाहीं हें ठरविणें आणि नेम धरून मारणें, अशा चार पायऱ्या आहेत. तोफ चौथ्या पायरीवर येते. पहिल्या तीन पायऱ्यांत वेळ गमावला, तर उत्तमांतील उत्तम तोफहि गेलेल्या विमानाच्या मागें गोळे फेंकीत बसते.

पहिली पायरी पाहण्याची. रडार हें दूरचें पाहतें खरें, पण पृथ्वीच्या गोलाईपलीकडचें त्यास दिसत नाहीं. विमान जमिनीपासून केवळ १०० मीटर उंचीवरून येत असेल, तर ९ मीटर उंचीच्या खांबावरील रडारला तें पन्नास-पंचावन्न किलोमीटरांच्या आंत आल्यावांचून दिसूंच शकत नाहीं. म्हणजे वीस मिनिटांची सवलत साडेतीन मिनिटांवर येते. त्यांत डोंगर आडवा आला तर आणखी घट. खानदेशची भूमि ह्या दृष्टीनें पाहण्यासारखी आहे. उत्तरेस सातपुडा, दक्षिणेस सातमाळा व अजिंठ्याचे डोंगर, आणि मधून पश्चिमवाहिनी तापी. हें खोरें समुद्राच्या बाजूस मोकळें आहे. दरीच्या आडोशानें खालून येणें हें प्रत्येक वैमानिकास शिकविलेलें असतें. म्हणून रडारें उंच जागीं बसवितात, एकाची नजर जेथें संपते तेथें दुसऱ्याची सुरू होईल अशी त्यांची सांखळी करतात, आणि कांहीं रडारें तर विमानांतच बसवून आकाशांत फिरतीं ठेवतात. वरून पाहणाऱ्यास दरीची अडचण पुष्कळ कमी होते.

आतां दलाच्या इतिहासाकडे वळूं. तो महाराष्ट्रापासूनच सुरू होतो. दुसऱ्या महायुद्धांत, ता. १५ सप्टेंबर १९४० रोजीं, मुंबईस कुलाब्याला विमानविरोधी तोफांचें शिक्षणकेंद्र स्थापन झालें आणि पुढील वर्षीं तें कराचीस गेलें. त्याची निकड लवकरच पटली. ता. ६ एप्रिल १९४२ रोजीं जपानी विमानांनीं विशाखापट्टणम व काकिनाडा येथें बाँब टाकले, आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरांत कलकत्त्यावर हल्ले झाले. १९४७ च्या फाळणींत हें दलहि वांटलें गेलें, व कराचीचें केंद्र सीमेपलीकडे राहिलें. भारताच्या वांट्यास आलेल्या पलटणी तोफखान्याचाच एक भाग म्हणून नांदूं लागल्या. ह्या शाखेचें शिक्षण खानदेशच्या शेजारीं, नाशिकजवळ देवळालीच्या तोफखाना विद्यालयांत होत असे. १९८९ सालीं तें ओरिसांतील गोपाळपूर येथें समुद्रकिनाऱ्यावर हलविण्यांत आलें. पुढें ता. १० जानेवारी १९९४ रोजीं हें दल तोफखान्यापासून वेगळें होऊन स्वतंत्र झालें. हें वेगळें होणें केवळ नांवापुरतें नव्हतें. जमिनीवरील लक्ष्य बहुधा उभें असतें, आकाशांतील लक्ष्य पळतें असतें, आणि ह्या दोन विद्यांचें गणित एक नाहीं, ह्या जाणिवेची ती कबुली होती.

रचनेंत एक गोष्ट प्रथम ध्यानांत ठेविली पाहिजे. देशाच्या आकाशाची एकंदर जबाबदारी भूसेनेकडे नसून वायुदलाकडे आहे. लढाऊ विमानें, मोठीं रडारें आणि लांब पल्ल्याचीं क्षेपणास्त्रें वायुदल चालवितें. भूसेनेच्या दलाकडे मुख्यतः दोन कामें येतात. पहिलें, रणांगणांतील आपल्या फौजेवर आकाशांतून येणाऱ्या संकटाचें निवारण. रणगाडे पुढें सरकले कीं त्यांच्याबरोबर सरकणारी विमानविरोधी पलटण लागते. दुसरें, विमानतळ, पूल, कोठारें अशा नेमून दिलेल्या ठिकाणांचें रक्षण. तोफखान्याप्रमाणेंच येथेंहि रेजिमेंट, तिच्यांत बॅटऱ्या आणि बॅटरींत लहान तुकड्या अशी वांटणी असते. परंतु दोन दलांच्या रडारांनीं पाहिलेलें चित्र एकत्र झालें नाहीं तर सारी रचना आंधळी. त्यासाठीं वायुदलानें आपली आदेशयंत्रणा उभारली आणि भूसेनेनें 'आकाशतीर' नांवाची व्यवस्था तिला जोडली. एका रडारनें पाहिलेला ठिपका दुसऱ्या ठिकाणच्या तोफेजवळच्या पडद्यावर तत्काळ उमटावा, हा तिचा हेतु. पूर्वी हा निरोप दूरध्वनीवरून तोंडीं जात असे, आणि त्यांत अर्धें मिनिट गेलें तरी विमान सातआठ किलोमीटर पुढें गेलेलें असे.

आयुधांची मांडणी एकाआड एक उभ्या केलेल्या कोटांसारखी आहे. सर्वांत बाहेरचा कोट वायुदलाच्या एस-४०० ह्या रशियन क्षेपणास्त्रांचा, आणि त्यांचा पल्ला ४०० किलोमीटरपर्यंत सांगतात. त्याच्या आंत भारत व इस्रायल ह्यांनीं मिळून तयार केलेलें सुमारें ७० किलोमीटर पल्ल्याचें मध्यम क्षेपणास्त्र येतें. त्याच्या आंत २५ किलोमीटरांच्या टप्प्यांत 'आकाश'. हें देशांतच घडलेलें असून २०१५ सालीं भूसेनेंत दाखल झालें. त्याहून आंत चाकांच्या गाडीवरील 'ओसा', आणि सर्वांत जवळ एका जवानानें खांद्यावरून सोडावयाचें 'इग्ला'. विमानाच्या यंत्राच्या उष्णतेचा माग काढीत तें जातें व त्याचा पल्ला सुमारें पांच किलोमीटर आहे. क्षेपणास्त्रांच्या ह्या कोटांतून जें सुटेल, त्याच्यासाठीं तोफा.

तोफांत जुनी व नामांकित ती स्वीडनच्या बोफोर्स कंपनीची चाळीस मिलिमीटर व्यासाची एल-७०. भारतीय फौजेंत ती १९६० नंतरच्या दशकांत आली. तिच्यांतून मिनिटास सुमारें ३०० गोळे सुटतात आणि ती तीन-चार किलोमीटरांपर्यंत परिणामकारक ठरते. रशियन बनावटीची झेडयू-२३ ही दोन नळ्यांची तोफ हलकी असून तिचा मारा अडीच किलोमीटरांपर्यंत चालतो. 'शिल्का' ही चार नळ्यांची तोफ रणगाड्यासारख्या साखळीच्या गाडीवर स्वतःच्या रडारसह बसविलेली असते, म्हणून ती रणगाड्यांबरोबर धांवूं शकते.

येथें कोणी विचारील कीं, मिनिटास ३०० गोळे टाकणाऱ्या तोफेस एक विमान मारणें अवघड तें काय? हिशोब करून पाहावा. एल-७० चा गोळा सेकंदास सुमारें १,००० मीटर वेगानें नळींतून निघतो, पण हवेच्या विरोधानें त्याचा वेग कमी होत जातो. तीन किलोमीटर जाण्यास त्यास चार सेकंदांहून अधिक लागतात. तेवढ्या अवकाशांत ताशीं ९०० किलोमीटर वेगाचें विमान एक किलोमीटर पुढें निघून जातें. म्हणजे तोफ विमानावर रोखावयाची नसून विमान जेथें पोंचणार आहे त्या रिकाम्या आकाशावर रोखावयाची! आणि वैमानिक कांहीं सरळ रेषेंत जाण्याचें वचन देत नाहीं. म्हणून रडारनें अंतर व वेग मोजावा, गणकयंत्रानें पुढचा बिंदु काढावा आणि विजेच्या यंत्रानें तोफ तिकडे वळवावी, अशी योजना असते. गोळा विमानास प्रत्यक्ष लागलाच पाहिजे असें मात्र नाहीं. १९४४ च्या सुमारास असा फ्यूज प्रचारांत आला कीं, लक्ष्याच्या नजीक पोंचतांच तो गोळा आपोआप फोडतो व कपच्यांच्या वर्षावानें विमान निकामी होतें. तोफखान्याच्या ह्या शाखेंत बाहुबळापेक्षां गणितास अधिक मान आहे, तो ह्यामुळें.

तथापि गणिताहून कठीण असा एक प्रश्न उरतोच. पडद्यावरील ठिपका आपला कीं परका? आपल्या विमानांत प्रश्नास सांकेतिक उत्तर देणारें यंत्र असतें. शिवाय तोफांना तीन प्रकारचे हुकूम असतात. आपलें म्हणून न ओळखलेल्या प्रत्येकावर मारा करण्याची मोकळीक, शत्रु म्हणून निश्चित ओळखलेल्यावरच मारा, आणि स्वतःवर हल्ला होत नसेल तर पूर्ण मनाई, असे ते तीन. हे हुकूम वेळेवर पोंचले नाहींत किंवा ओळख चुकली तर काय होतें, तें ता. २७ फेब्रुवारी २०१९ रोजीं काश्मिरांत बडगामजवळ दिसलें. वायुदलाचें एक हेलिकॉप्टर आपल्याच क्षेपणास्त्रानें पडलें. त्यांतील सहा जवान आणि जमिनीवरील एक नागरिक प्राणास मुकले. शत्रूला सोडून देण्याची भीति आणि आपल्याला मारण्याची भीति ह्या दोहोंच्या मध्यें कांहीं सेकंदांत निर्णय घेणारा तरुण अधिकारी, हा ह्या साऱ्या यंत्रणेचा खरा कणा होय. तोफ विकत मिळते. तसा अधिकारी मात्र वर्षानुवर्षांच्या शिक्षणानेंच तयार होतो.

अलीकडे ह्या विद्येस एक नवी कलाटणी मिळाली आहे. वैमानिक नसलेलीं लहान, स्वस्त विमानें, ज्यांस ड्रोन म्हणतात, तीं झुंडीनें सोडण्याची पद्धत पडली आहे. मे २०२५ मधील 'ऑपरेशन सिंदूर'च्या वेळीं, ता. ८ व ९ च्या मधल्या रात्रीं, पाकिस्ताननें ३६ ठिकाणीं सुमारें ३०० ते ४०० ड्रोन पाठविल्याचें भारत सरकारनें सांगितलें. अशा झुंडीचा हेतु दुहेरी असतो. थोडें नुकसान करावें हा एक, आणि दुसरा असा कीं, समोरच्यानें घाबरून आपलीं महागडीं क्षेपणास्त्रें उधळावीं व रडारांच्या जागा उघड्या कराव्या. चिलटें मारण्यासाठीं कोणी तलवार उपसूं लागला तर तलवारच बोथट व्हावयाची. त्या रात्रींच्या सामन्यांत जुन्या एल-७०, झेडयू-२३ आणि शिल्का ह्या तोफा पुन्हां कामीं आल्या. नव्या रडारची व गणकयंत्राची जोड मिळालेली ती जुनी तोफ मोडीत निघण्याऐवजीं अधिक मोलाची ठरली. तिचा गोळा क्षेपणास्त्राच्या मानानें स्वस्त, आणि तो देशांतल्या कारखान्यांतच बनतो. जबलपूरजवळील खमरिया येथें अशा तोफांचा दारूगोळा तयार होतो. भुसावळहून इटारसीकडे गेलेला लोहमार्ग पुढें जबलपुरासच पोंचतो. संरक्षणाची सांखळी रडारपाशीं सुरू होते असें मानलें, तरी तिचें दुसरें टोंक कारखान्यांत व मालगाडींत असतें. खानदेशचें महत्त्व आहे तें ह्या टोंकापाशीं.

आतां जें थोडें कटु आहे तेंहि सांगितलें पाहिजे. कोणत्याहि राष्ट्राजवळ सबंध देशावर छप्पर घालण्याइतक्या तोफा नसतात. क्षेपणास्त्रांचे पल्ले ऐकून सारें आकाश झांकलें गेलें असा समज होतो, पण डोंगराआडून खालीं उडणाऱ्यास तो मोठा पल्ला लागू पडत नाहीं. जवळच्या रक्षणासाठीं प्रत्येक ठिकाणीं वेगळ्या तोफा लागतात, आणि त्या मोजक्याच असतात. तेव्हां हें छप्पर नसून मोजक्या छत्र्या आहेत. त्या कोणाच्या डोक्यावर धरावयाच्या हें युद्धमंडळास ठरवावें लागतें. विमानतळ आधीं कीं पूल आधीं, वीजकेंद्र आधीं कीं कारखाना, अशी ती निवड असते. वस्तीच्या गांवाचा क्रम त्यांत पुष्कळदां मागें लागतो. हा निष्काळजीपणा नव्हे. विमानतळ शाबूत राहिला तर तेथून उडणारीं विमानें दहा गांवांचें रक्षण करतात, असा त्यामागचा विचार आहे. परंतु ज्या गांवावर छत्री नाहीं त्यानें काय करावें, हा प्रश्न त्यामुळें सुटत नाहीं.

त्याचें उत्तर नागरी संरक्षण हें होय. १९६८ च्या कायद्यानें त्यास अधिष्ठान दिलें. त्यांत शस्त्र नाहीं, आहे ती शिस्त. भोंग्याचा आवाज वरखालीं होत राहिला तर तो धोक्याचा इशारा समजावा, आणि एकसारखा सलग वाजला तर धोका टळला असें समजावें. इशारा होतांच दिवे मालवावे, गॅस बंद करावा, खिडकीच्या कांचेपासून दूर, आंतल्या भिंतीच्या आडोशास बसावें. मुलांना व वृद्धांना कोणीं सांभाळावयाचें हें घरांत आधींच ठरलेलें असावें. ऐन वेळीं ठरवूं म्हणणाऱ्या घरांत ऐन वेळीं गोंधळच होतो.

दोन गोष्टी मात्र विशेष आग्रहानें सांगण्यासारख्या आहेत, कारण त्या सुशिक्षित घरांतच अधिक घडतात. पहिली, गच्चीवर चढून आकाशांतला सामना पाहण्याची हौस. वर फुटलेल्या गोळ्याच्या कपच्या आणि पाडलेल्या ड्रोनचे तुकडे खालींच येतात, आणि तोफ आपली आहे म्हणून तिची कपची माणूस ओळखून पडत नाहीं. दुसरी, जें दिसलें त्याचें चित्र घेऊन तत्काळ चहूंकडे धाडण्याची घाई. तोफ कोठें उभी आहे, मारा कोणत्या बाजूनें झाला, गोळा नेमका कोठें पडला, ही माहिती मिळविण्यासाठीं शत्रूला एरवीं पुन्हां विमान पाठवावें लागलें असतें. ती माहिती त्यास घरबसल्या मिळाली, तर वर सांगितलेलें रडार, गणकयंत्र आणि तोफेजवळचा जागता जवान ह्या सर्वांचें श्रम एका क्षणांत व्यर्थ जातात.

आकाशाच्या पहाऱ्यांत पाहणें, ओळखणें, ठरविणें आणि मारणें ह्या चार पायऱ्या फौजेच्या आहेत. वेळेवर निवाऱ्यास जाणें आणि तोंड बंद ठेवणें ही पांचवी पायरी नागरिकांची. फौजेच्या पायऱ्यांस अब्जावधि रुपये व वर्षानुवर्षांचें शिक्षण लागतें. पांचवीस पैसा लागत नाहीं. ती शांततेच्या दिवसांतच शिकून ठेवावी लागते, कारण भोंगा वाजल्यानंतर हातांत उरतात तीं मिनिटें थोडीं असतात, आणि तीं भुसावळास, जळगांवास व धुळ्यास सारखीं नाहींत.